पाचवा तोडा

गेहरीलाल जातीनं गवंडी, धंद्यानंही गवंडी, पण अमरोलगडात त्याला कुणी गवंडी म्हणत नसे. म्हणत 'महालाचा वैद्य'. हातात बाभळीची मोगरी, एका खिशात खडू, दुसऱ्यात गेरूचा खडा. भिंतीवर मोगरी मारायची, कान लावायचा. दगड खणखणीत बोलला की खडूचा ठिपका. गिळल्यासारखा दबका आवाज आला की गेरूची फुली, म्हणजे आत पोकळ. ठिपका असेल तिथं माणसांनी निर्धास्त उभं राहावं. फुली दिसली की टोपल्या घेऊन यावं, जुना चुना खरवडून काढावा. त्याच्या आजानं हेच केलं, बापानं हेच केलं, आणि त्याला तर बारसं होण्याआधीपासून हेच करायचं होतं, असं त्याची आई म्हणायची.

काम थोडंथोडकं नव्हतं. तळ्याच्या पलीकडून पाहावं तर महाल एकसंध, पांढराशुभ्र, एकाच राजानं एका दमात बांधल्यासारखा. आत शिरलं की खरं काय ते कळायचं. चारशे वर्षांत अकरा राजे झाले आणि त्यातल्या एकालाही आधीच्याचा महाल पुरेना. कुणी शेजारी बांधला, कुणी डोक्यावर चढवला, कुणी मधल्या चौकातच घुसवला. जिने मुद्दाम वाकडे आणि काळोखे, दारं मुद्दाम ठेंगणी, कारण शत्रू तलवार उपसून आला तरी आधी मान वाकवूनच आत आला पाहिजे. शत्रू काही आला नाही. चार पिढ्या महालाच्या कामदारांनीच, म्हणजे कारभाऱ्यांनीच, तेवढी कपाळं फोडून घेतली. चौथ्या मजल्यावर कडुनिंबाची जुनी झाडं होती. परक्याला तो चमत्कार वाटे. गेहरीलालला ठाऊक होतं की महालाच्या पोटात अख्खी टेकडी आहे, आणि चौथ्या मजल्याची ती बाग म्हणजे टेकडीचं डोकं. तो त्या टेकडीला बोटांनी ओळखत होता.

या सगळ्यात एक जागा अशी होती, की तिथं मोगरी उचलताना त्याच्या बापाचाही हात थबकत असे. ती म्हणजे तळ्याकडचा गोखडा, भिंतीबाहेर काढलेला लांबलचक दगडी सज्जा. एका राजाच्या म्हाताऱ्या आईला गणगौरीच्या सणाची सवारी पाहायला घाटापर्यंत चालवेना, म्हणून तिच्यासाठी त्यानं तो बांधला. त्याला खालून सात तोड्यांचा आधार, म्हणजे भिंतीतून बाहेर आलेले सात कोरीव दगडी हात. प्रत्येक तोड्याचं शेपूट दोन हात आत भिंतीत रुतलेलं, वर भिंतीचा भार. म्हणूनच सव्वाशे बायका त्या गोखड्यात खुशाल दाटीवाटीनं बसत.

फक्त पाचव्याला शेपूट नव्हतं. वीज पडून मूळचा पाचवा तोडा फुटला, तेव्हा महालात लग्न होतं आणि वऱ्हाड यायला उणेपुरे एकोणीस दिवस. लांब दगड घडवायला वेळ नव्हता. गेहरीलालच्या आजानं आखूड दगड आणला आणि लोखंडी कांब घालून तो भिंतीला जोडला. चुन्याच्या कामात लोखंड घालायचं नसतं, हे गवंड्याच्या शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. पाणी मुरतं, लोखंड गंजतं, गंजलं की फुगतं आणि दगडाला आतून फोडतं. आजानं सगळं जाणून केलं आणि मरताना मुलाला सांगितलं, "पाचवा दरसाल न चुकता वाजव. आणि ही गोष्ट घराबाहेर जाता कामा नये." बापानं तेच गेहरीलालला सांगितलं. गेहरीलालनं बायकोला सांगितलं, कारण अणचीपासून त्याला काही लपवता येत नसे.

गोखड्याची एक रीत होती. ठोकून झालं, ठिपके पडले, तरी गणगौरीच्या दिवशी गोखड्यात पहिलं पाऊल ठोकणाऱ्याच्या घरच्या बाईचं. तिनं पाचव्या तोड्याच्या डोक्यावरच्या जागी बसायचं, तिथून घाटाच्या पायऱ्या सरळ दिसत. तिला राणीच्या हातचं घेवर, म्हणजे सणाची मिठाई, मिळे. मग बाकीच्या बायका आत येत आणि ती सगळा वेळ तिथंच बसून राही. लोक याला मान म्हणत. ज्या राजानं ही रीत घातली तो फार शहाणा असावा. राज गेलं, दिल्लीहून येणारा तनखा बंद झाला, तरी सवारी राहिली आणि रीतही राहिली. अणची एकोणतीस वर्षं त्या जागी बसली.

आता जे गावात कुणाला ठाऊक नव्हतं ते सांगतो. गेहरीलालचे कान गेले होते.

एकदम गेले नाहीत. आधी चिमण्या गेल्या, मग मंदिरातली घंटा, मग माणसांची बोलणी. समोरच्याचे ओठ वाचायला तो शिकला, चुकलं तर "हो हुकम" म्हणून वेळ मारून न्यायला शिकला. पण दगडाला ओठ नसतात. शेवटची दोन वर्षं त्याच्यासाठी अणचीच ऐकत होती. चुन्याची टोपली डोक्यावर घेऊन ती मागं उभी राही. तो ठोकी आणि तिच्याकडे बघे. पोकळ असेल तर ती नाक खाजवे. कामदार तखतमलजी एकदा म्हणालेसुद्धा, "गेहरी, तुझ्या बायकोला सर्दी फार होते रे."

माघात अणची चार दिवसांच्या तापानं गेली. मुलगा नंदराम अहमदाबादेला फरशा बसवत होता. घरात उरले गेहरीलाल, सून धापू आणि लाडी नावाची एक बकरी.

सासऱ्यासमोर सुनेचा घुंगट छातीपर्यंत, आणि सासऱ्याशी थेट बोलायचं नाही. सासू होती तोवर तिच्यामार्फत निरोप जात. ती गेल्यावर धापू बकरीशी बोलू लागली. "लाडी, सांग बावजींना, मक्याची भाकरी निवतेय." "लाडी, विचार बावजींना, पीठ संपलं ते कुणी आणायचं, तू की मी?" आणि हे सगळं ती ठणाणा ओरडून बोले. घुंगटाआडचे ओठ त्याला दिसत नाहीत हे तिनं पहिल्या आठवड्यातच ताडलं होतं. शेजारणी म्हणत, अणची गेली आणि सुनेला तोंड फुटलं. धापूनं ते मुकाट्यानं ऐकून घेतलं, पण आवाज खाली आणला नाही. गेहरीलालला हे कळत होतं. त्यासाठी तिला दोन चांगले शब्द बोलावेत असं त्याला रोज वाटे, आणि ते रोज राहून जाई.

गणगौरीच्या आठ दिवस आधी तो गोखडा ठोकायला गेला. खालच्या वेशीची गच्ची तोड्यांच्या अगदी खाली येते, तिथं उभं राहिलं की हात पोचतो. तखतमलजी सावलीत पान चघळत उभे होते. गेहरीलालनं पहिल्या तोड्यावर मोगरी मारली. हाताला झटका बसला. कानाला काहीच नाही. दुसरा, तिसरा, चौथा, सगळे तसेच. सवयीनं त्यानं मागं वळून पाहिलं. मागं उन्हात तापलेली गच्ची होती आणि एक कबूतर.

पाचव्यावर त्यानं पाच वेळा मोगरी मारली. तळवा टेकवून पाहिला, गाल टेकवून पाहिला, मोगरीचा दांडा दातात धरून पाहिला. काही कळेना.

"काय रे, दगडाचा मुका घेतोस की काय?" तखतमलजी समोर येऊन म्हणाले. "बोलतोय का?"

'नाही कळत' एवढे दोनच शब्द म्हणायचे होते. पण ते म्हटले असते तर उद्यापासून तो वैद्य नव्हता. मग मोगरी हातात धरून तीन पिढ्यांनी मिळवलेलं नाव तिथंच संपलं असतं, आणि आजाचं लोखंडही उघड्यावर आलं असतं.

"बोलतोय हुकम. घंटेसारखा," गेहरीलाल म्हणाला, आणि त्यानं पाचव्यावर खडूचा ठिपका दिला.

त्या ठिपक्यानं त्याची झोप उडवली. पहिले दोन दिवस त्यानं स्वतःची समजूत घातली. गेल्या वर्षी अणचीनं नाक खाजवलं नव्हतं, एका वर्षात काय होणार? तिसऱ्या दिवशी आठवलं की गेल्या पावसाळ्यात गोखड्यावरची पन्हळ तुंबली होती आणि पाणी तीन आठवडे भिंतीत मुरत होतं. महाल त्याला सगळीकडून दिसायचा, अंगणातून, विहिरीवरून, वाण्याच्या दुकानातून, आणि जिथून दिसे तिथून तो पाचवाच शोधत राही. जाऊन सांगावं म्हणून दोनदा तो कामदारांच्या कचेरीपर्यंत गेला. दोनदा ठेंगण्या दारापाशी मान वाकवली आणि तसाच परत फिरला.

सणाच्या दिवशी सकाळी धापू गुलाबी लहरियाची साडी नेसून चुलीपाशी आली तेव्हा मात्र त्याला राहवेना.

"सूनबाई," तो भिंतीकडे बघत म्हणाला, "आज तू जाऊ नकोस. ताप आलाय असं सांगू."

ती बकरीकडे वळली आणि कडाडली, "लाडी, विचार बावजींना, ताप कुणाला आलाय?"

"तुला म्हणायचं. एक वर्ष रीत चुकली तर काही बिघडत नाही."

"लाडी, सांग बावजींना, सासूबाई खऱ्या तापातसुद्धा जाऊन बसल्या होत्या." पुढचं तिनं त्याच्या उजव्या कानाशी येऊन म्हटलं, तो कान जरा बरा होता. "आणि विचार, पाचवा बोलला का?"

गेहरीलाल दचकला. म्हणजे अणचीनं हिलाही सांगितलं होतं.

"बोलला," तो म्हणाला.

"मग मला ताप कशाला?"

त्यानं पागोटं उचललं, उगाचच झटकलं आणि परत ठेवलं. धापूनं बकरीपुढं पाला टाकला, मोजड्या पायांत सरकवल्या आणि ती महालाकडे निघाली. एकदाही तिनं मागं वळून पाहिलं नाही. आपण हे काय केलं हे तिच्या पाठीकडे बघताना त्याला पुरतं कळलं. घरची एक बाई वाचवून सव्वाशे बायका तो वर चढू देणार होता. त्याला स्वतःची इतकी शिसारी कधीच आली नव्हती.

दुपार कलली तेव्हा वेशीच्या गच्चीवर पाय ठेवायला जागा नव्हती. दोन जंगी नगारे, सनईवाले, चोपदार. खाली घाटावर माणसंच माणसं. ईसर म्हणजे शंकर आणि गौरी यांच्या लाकडी मूर्ती दागिन्यांनी मढून निघाल्या होत्या, मिरवणूक बाजाराच्या वळणापर्यंत आली होती. वाकड्या जिन्यात बायकांची रांग लागली होती. गेहरीलाल नेमाप्रमाणे गच्चीवर, तोड्यांच्या खाली उभा राहिला. त्याच्या अवतीभोवती माणसं नगारे बडवत होती आणि त्याला फक्त तळपायांत थरथर जाणवत होती.

धापू गोखड्यात आली. कठड्यावर तिचा बांगड्यांचा हात टेकला, नेमका पाचव्याच्या वर. राणीकडून ताट आलं. एका बाईच्या वजनानं काही होणार नाही, हे त्याला ठाऊक होतं. गोखड्याच्या दाराशी तखतमलजी उभे होते. आता ते हात वर करणार आणि रांग आत सुटणार.

ठिपका अजून पांढरा स्वच्छ दिसत होता. तखतमलजींचा हात उठू लागला.

"थांबवा!" गेहरीलाल ओरडला. त्याला स्वतःचा आवाज ऐकू आला नाही, म्हणून तो आणखी मोठ्यानं ओरडला. "कुणाला आत सोडू नका! मी बहिरा आहे! मला ऐकू येत नाही!"

नगारेवाल्यांचे हात हवेत थांबले. त्यावरून त्याला कळलं की नगारे थांबले. एकजण हसून म्हणाला ते त्यानं ओठांवरून वाचलं, "मग आमचे कान का फोडतोस, काका?" पुढं आणखी चारपाचजण हसले. मग गेहरीलालचा चेहरा पाहून हसायचे थांबले.

तखतमलजी जिन्यानं धडपडत खाली आले. घाईत दाराला कपाळ आपटून घेतलं होतं. "काय बरळतोयस? ठिपका दिलास ना?"

"दिला हुकम. खोटा दिला. मला दगड ऐकू येत नाही. दोन वर्षं माझी बायको ऐकत होती. आणि पाचव्यात लोखंड आहे, माझ्या आजानं घातलंय." एकदा तोंड उघडल्यावर सगळं बाहेर आलं, एका दमात, भर चारशे माणसांसमोर.

तखतमलजींचा चेहरा राखेसारखा झाला. "सवारी आली बाजारात! आत्ता बायका परत पाठवल्या तर उद्या गावभर होईल की महाल पडायला आलाय. तुझ्या मनाच्या खेळापायी? ठोक आत्ता! माझ्यासमोर ठोक आणि सिद्ध कर!"

"ठोकतो हुकम. पण ऐकणार कोण?"

गवंड्यांची तरणी पोरं सिमेंटच्या कामावर गेली होती, दगडाचा आवाज ओळखणारं गच्चीवर कुणी उरलं नव्हतं. गर्दी बाजूला सरली तेव्हा गेहरीलालला वाटलं चोपदार त्याला हाकलायला येतोय. पण ती धापू होती. घेवराचं ताट कुणाच्या तरी हातात देऊन ती खाली उतरली होती. तिनं त्याच्या हातातून मोगरी काढून घेतली.

"सुनेला यातलं काय कळतंय?" तखतमलजी खेकसले.

धापू शेजारच्या नगाऱ्याकडे वळली. तिनं आवाज इतका चढवला, की गेहरीलालच्या उजव्या कानालाही तो लागला. "नगाऱ्या, सांग कामदारजींना, बाजारातलं मटकं मी वाजवून घेते. सहा वर्षांत गळकं एक घरी आलं नाही. आणि सांग, इथं जरा गप्प बसायला काय घेतील?"

गच्ची गप्प झाली. घाटही गप्प झाला असावा, कारण खालची सगळी तोंडं वर होती आणि एकाचेही ओठ हलत नव्हते. धापूनं पहिल्या तोड्यावर मोगरी मारली. घुंगट जरा कलला, मान डोलली. दुसऱ्यालाही डोलली. तिसऱ्याला, चौथ्याला. तखतमलजींनी सुस्कारा टाकला, त्यांची छाती खाली गेलेली गेहरीलालनं पाहिली. त्याच्या मनात आलं, पाचवाही धड निघाला तर? तर आपण कुठंही तोंड दाखवायच्या लायकीचे राहणार नाही. आणि त्याच क्षणी, अगदी मनापासून, त्याला वाटलं की तो धडच निघावा.

धापूनं पाचव्यावर मोगरी मारली. थांबली. पुन्हा मारली, जरा हलकेच. मग मोगरी खाली गेली आणि ती सासऱ्याकडे वळली. घुंगट हलत होता. ती काहीतरी सांगत होती आणि त्याला एक अक्षर कळत नव्हतं. तखतमलजी, चोपदार, नगारेवाले, सगळे तिच्याकडे आणि त्याच्याकडे आळीपाळीनं बघत होते. सगळ्यांनी ऐकलं होतं, फक्त त्यानं नाही.

तेव्हा धापूनं दोन्ही हातांनी घुंगट वर घेतला आणि डोक्यामागं टाकला, अख्ख्या गावासमोर.

गेहरीलालची मान आपोआप खाली गेली. सहा वर्षं ती अशीच खाली जात आली होती, सुनेच्या तोंडाकडे बघायचं नसतं. गच्चीच्या फरशीवर त्याला तिची गुलाबी किनार दिसत होती आणि धुळीनं भरलेल्या मोजड्या. त्या हलत नव्हत्या. ती तशीच उभी होती, उघड्या तोंडानं, तो वर बघेपर्यंत.

त्यानं मान वर केली. केवढी लहान होती ती. डोळे भरलेले होते, हनुवटीवर चुन्याची धूळ होती. तिनं मधे ना बकरी घेतली ना नगारा, आणि सावकाश, एकेक अक्षर सुटं करून सांगितलं.

"पोकळ आहे, बावजी. आतून सगळा गेलाय."

गेहरीलालनं खिशातून गेरूचा खडा काढला आणि तिच्या हातात दिला.